सातव्या ट्रॅकवरची हलगी

आमच्या स्टुडिओत आठ ट्रॅकचं मशीन होतं. ते काय असतं हे आधी सांगतो, कारण पुढचं सगळं त्यावर अवलंबून आहे. एकाच फितीवर शेजारी शेजारी आठ वाटा असतात. एका वाटेवर कीबोर्ड, दुसरीवर गिटार, तिसरीवर ढोलकी, असं करत करत सगळं वाजवून घ्यायचं आणि शेवटी आठव्या वाटेवर गाणाऱ्याचा आवाज भरायचा. गाणारा काचेपलीकडच्या खोलीत कानाला हेडफोन लावून उभा राहतो. त्याच्या कानात काय सोडायचं हे मी ठरवतो. शेवटी मिक्सिंगला आठ फेडर, म्हणजे आवाज कमी-जास्त करायच्या सरकत्या खुंट्या, वरखाली करून बाजारात काय जाणार हेही माझ्याच हातून ठरतं. कानात सोडलेलं आणि बाजारात गेलेलं एकच असतं असं नाही. बाहेरच्या माणसाला हे ठाऊक नसतं, आणि आमच्या धंद्यातल्या बऱ्याच भानगडी नेमक्या या फटीतच होतात.

स्टुडिओ राजारामपुरीत, एका दवाखान्याच्या मागच्या अंगाला होता. वरच्या मजल्यावर टायपिंगचा क्लास. क्लास भरलेला असला की संथ गाणी घेता येत नसत. शांत जागा आली की वरून टकटक उतरायची. त्या वेळात आम्ही जाहिराती उरकायचो. एका निवडणुकीत दोन विरोधी उमेदवारांची रिक्षावरची घोषणा एकाच दिवशी, एकाच निवेदकाच्या आवाजात रेकॉर्ड केली. निवेदक तरबेज माणूस, पण सकाळी पहिल्याचं चिन्ह घोकून त्याची जीभ त्या वळणावर बसली होती. दुपारी दुसऱ्याची सगळी थोरवी गाऊन शेवटी त्यानं पहिल्याच्याच चिन्हावर शिक्का मारायला सांगितलं. फीत चालू ठेवून मी त्या वेळी चहाला गेलो होतो. कॅसेट तपासायची माझी सवय होती म्हणून कळलं, पण तोवर एक प्रत रिक्षावर चढून निघूनही गेली होती. स्कूटर काढून मी आवाजाच्या दिशेनं गेलो. रिक्षावाल्याला थांबवलं तर तो म्हणाला, "काय घाई हाय? लोकं हसाय लागल्यात, पहिल्यांदाच मन लावून ऐकाय लागल्यात!"

अशा गोष्टी बऱ्याच आहेत. पण या अंकाच्या संपादकांनी आठवण लिहायला सांगितली तेव्हा माझ्या मनात एकच आली. ती 'खटका' या बँडच्या दुसऱ्या कॅसेटची.

'खटका' ही आमच्या कोल्हापुरातल्या पोरांनी काढलेली मंडळी. प्रमुख अविनाश, कीबोर्ड वाजवायचा आणि चाली बांधायचा. गाणारा प्रसाद. त्याचा आवाज मऊ, ओठांतल्या ओठांत गाणारा. तालाच्या मशीनवरचा ठेका, थोडी गिटार आणि प्रसादच्या आवाजावर भरपूर घुमारा, अशी त्यांची पहिली कॅसेट मीच केली. कॉलेजच्या मुलामुलींनी ती उचलून धरली. मुंबईच्या एका कॅसेट कंपनीनं दुसरी करायला सांगितली. आणि तेवढ्यात प्रसाद मुंबईला जाहिरातींत गायला गेला, तो परत आलाच नाही.

गाणारा गेला की बँडचा चेहराच जातो. अविनाश महिनाभर हिंडला. शेवटी एका जयंतीच्या कार्यक्रमात त्यानं शालनला ऐकलं आणि दुसऱ्याच दिवशी तिला स्टुडिओत घेऊन आला. शालन कांबळे, राहणार गडमुडशिंगी. राजारामपुरीतल्याच एका हॉस्पिटलात नर्स होती. ड्यूटी संपली की बसची वाट बघण्याऐवजी ती आमच्याकडे यायची. भीमगीतं लहानपणापासून गायलेली. माईक बंद पडला तरी शेवटच्या रांगेपर्यंत पोचायचं, असं वळण पडलेला गळा.

पहिल्या दिवशी तिनं तोंड उघडलं आणि माझ्या मीटरचा काटा लाल घरात जाऊन आपटला. काटा लाल घरात गेला की आवाज फाटतो. मी काचेतून हातानं खूण केली, मग बटण दाबून तिच्या कानात बोललो, "जरा लांब उभ्या राहा."

ती दोन पावलं मागं सरली. पुन्हा काटा लाल. "अजून थोडं लांब."

ती हेडफोन न काढता म्हणाली, "दादा, आमाला लांब हुबं करायची लोकांना सवयच हाय. तुमी निदान कारण तरी सांगा की."

मी बटणावरचं बोट उचललं. ती मात्र हसायला लागली. "चेष्टा केली वो. सांगा, कुठं हुबी ऱ्हाऊ?" मग मी तिला माईककडे थोडं तिरकं तोंड करून उभं केलं आणि जवळच राहू दिलं. काटा जागेवर आला. पुढं सगळ्या गाण्यांना मी तीच जागा ठेवली. जमिनीवर खडूनं फुली मारली होती.

आवाज मिळाला, पण आता त्याखालचं वाद्य कमी पडायला लागलं. प्रसादच्या मऊ गळ्याखाली चालणारा मशीनचा ठेका शालनच्या आवाजाखाली पत्र्याच्या डब्यासारखा वाजायचा. अविनाश हुशार होता, त्याला हे माझ्याआधी कळलं. तो एका कुस्तीच्या मैदानाला गेला आणि तिथून पेटून आला. "दादा, हलगी! सगळ्या गाण्यांत हलगी टाकायची. खाली कीबोर्ड, वर हलगी आणि मधी ही पोरगी. असलं कुनी केल्यालं न्हाय."

मला कल्पना आवडली. आजही वाटतं, ती चांगलीच होती. घोळ झाला तो पुढच्या वाक्यात. शालन हेडफोन गळ्यात घालून तिथंच उभी होती. अविनाश तिच्याकडे वळून सहज म्हणाला, "शालन, तुझ्या वळखीचा असंल की कोन वाजवनारा. तुमच्यातलंच कोनतरी."

"आमच्यातलं म्हंजे?"

"म्हंजे... तुमच्याकडं असतंय न्हवं हलगीचं."

"आमच्याकडं हलगी न्हाय," शालन म्हणाली. आवाज चढवला नाही. "माझ्या आज्यापासनं न्हाय."

अविनाश वाईट माणूस नव्हता. आपण काय बोललो हे त्याला खरोखरच कळलं नव्हतं, आणि त्यामुळे त्याला ते सुधारताही येईना. "अगं, मी कौतुकानंच म्हनतोय," म्हणून त्यानं ते आणखी चिघळवलं. शालननं हाती घेतलेलं गाणं पुरं केलं, हेडफोन खुंटीला अडकवला आणि गेली.

अविनाशनं मग मैदानात वाजवणाऱ्या बापूलाच गाठलं. बापू मातंग समाजातला, पन्नाशीचा, अंगानं काटकुळा, मैदानांमुळे सगळ्या कोल्हापूरला ठाऊक. त्याच्या घरात हलगी कधी सुटलीच नव्हती. हलगीचं कातडं तापवून ताणावं लागतं, आणि स्टुडिओ एसीनं गार केलेला. चार ठेके वाजले की कातडं ढिलं पडायचं आणि ओल्या पोत्यावर काठी मारल्यासारखा आवाज यायचा. बापू उठून मागच्या अंगणात जायचा, रद्दीचा जाळ करायचा, हलगी तापवून पळत आत यायचा आणि म्हणायचा, "लावा लवकर, गार व्हायच्या आत!" मी एसी बंद करू का विचारलं तर स्टुडिओचे मालक म्हणाले, मशीन तापेल. बापू म्हणाला, "तुमची मशीन थंडीत जगतीया, माझी उन्हात. दोघींचं लगीन कुनी ठरवलं म्हनायचं?" शेवटी एकेक गाणं तुकड्या-तुकड्यानं घेतलं. सातव्या ट्रॅकवर हलगी बसली, आणि काय बसली! काचेची तावदानं थरथरायची.

शालन आली नाही. एका रविवारी तिचे वडील आले. वारणानगरला साखर कारखान्यात फिटर होते, तिथंच कॉलनीत राहायचे आणि सुट्टीला घरी यायचे. पांढरा शर्ट, खिशाला पेन. बसा म्हटलं तर बसले नाहीत.

"पावणं, मशीनवर तुमीच असता न्हवं?"

मी हो म्हणालो. अविनाश पुढं आला, पण ते माझ्याशीच बोलत राहिले.

"माझ्या बाच्या गळ्यात हलगी असायची. कुनाचं लगीन असू दे न्हायतर मयत, वाजवायची. दवंडी बी त्येनंच द्यायची. मिळायचं काय, तर शिळी भाकरी, ती बी वरनं टाकल्याली. धर्मांतर केलं आनि त्येनं हलगी चुलीत घातली. मी ल्हान होतो. कातड्याचा वास अजून ध्यानात हाय माझ्या. माझ्या पोरीनं गावं, कुनाबरबर बी गावं. पर तिच्या गान्यात हलगी वाजनार न्हाय."

अविनाश म्हणाला, "काका, आता जमाना बदलला की. हलगी म्हंजे कला हाय."

"तुमाला कला हाय," ते म्हणाले. "तुमाला ती कुनी वाजवाय लावली न्हवती." आणि गेले.

आता अडचण कशी होती ते सांगतो. कंपनीला गणपतीच्या आधी कॅसेट बाजारात हवी होती. फीत मुंबईला पोचवायची तारीख ठरलेली आणि जवळ आलेली. सगळी वाद्यं शालनच्या पट्टीत, काळी चारमध्ये, वाजवून झालेली. दुसरी मुलगी आणली तर तिची पट्टी वेगळी, म्हणजे सगळं पहिल्यापासून वाजवायचं. फितीचा वेग कमी-जास्त करून पट्टी सरकवता येते, पण वेगाबरोबर ठेकाही बदलतो. मी करून बघितलं. वेग कमी केल्यावर हलगी म्हातारी वाटायला लागली. म्हणजे शालन गायली तर कॅसेट, नाहीतर 'खटका' संपला. कंपनीच्या माणसाचे फोन रोज यायला लागले. अविनाशचं खाणं सुटलं होतं.

त्यानं शालनच्या हॉस्पिटलात फोन केला. काय बोलला ते मी शेजारी उभा राहून ऐकलं. "हलगी काढली. आगदी पुसून टाकली. तू ये."

फोन ठेवून तो मला म्हणाला, "दादा, तिच्या कानात सातवा ट्रॅक बंद ठेव. आवाज घेऊ. मिक्सिंगला उचलू."

"आणि कॅसेट निघाल्यावर?"

"निघाल्यावर बघू. हिट झाल्यावर कोन भांडतंय?"

रेकॉर्डिस्टनं पार्टी, म्हणजे काम देणारा, आणि कलाकार यांच्यात बोलायचं नाही, असा धंद्याचा रिवाज आहे. पार्टी सांगेल ते बटण दाबायचं. त्या दिवशी शालन आली, खडूच्या फुलीवर उभी राहिली. बापूही अंगणात होता. दुसऱ्या गाण्यातला एक तुकडा त्याच्याकडून पुन्हा घ्यायचा होता. त्याच्या जाळाचा धूर खिडकीतून दिसत होता. मी शालनच्या हेडफोनात सहा ट्रॅक सोडले. सातवा सोडला नाही. फीत चालू केली.

पहिलं कडवं तिनं म्हटलं. दुसऱ्याच्या सुरुवातीला थांबली. कान देऊन ऐकत राहिली.

"दादा, परत लावा की."

मी परत लावलं.

"मधी मधी जागा का सोडल्यात ह्यात? कीबोर्ड थांबतोय, गिटार थांबतीया. कुनीतरी जेवता जेवता उठून गेल्यागत वाटतंय."

खरंच होतं. अविनाशनं कीबोर्ड हलगीला जागा ठेवून बांधला होता. हलगी काढली की त्या जागा उघड्या पडायच्या. गाण्यात वाढलेल्या माणसाला ते कळणारच. अविनाशनं बटण दाबून सांगितलं, "तसंच हाय ते. नवीन स्टाइल हाय. तू म्हन."

शालननं त्याच्याकडे बघितलंच नाही. काचेतून माझ्याकडे बघितलं.

"दादा, हलगी पुसलीय न्हवं?"

अविनाशनं माझ्या हातावर हात ठेवला. ते मला आजही जाणवतं.  ही एक कॅसेट म्हणजे त्याची पाच-सहा वर्षं होती, हे मला माहीत होतं. पण मला प्रश्न सरळ विचारला होता, आणि तो माझ्या मशीनबद्दलचा होता. मशीनवर काय आहे आणि काय नाही, यात मी कधी गोलमाल केला नव्हता. मी बटण दाबलं.

"नाही. सातव्या ट्रॅकवर आहे."

"माझ्या कानात न्हाय."

"कानात बंद ठेवलीय."

"आनि बाजारात?"

मी अविनाशकडे बघितलं. तो खुर्चीत बसला होता, डोकं दोन्ही हातांत. मी म्हणालो, "बाजारात असणार."

शालननं हेडफोन काढला आणि दार उघडून सरळ मागच्या अंगणात गेली. अविनाश ओरडला, "दादा, गप बसता येत न्हवतं व्हय तुला?"  खिडकी उघडी होती, बाहेरचं बोलणं आत येत होतं.

बापू हलगी जाळावर धरून बसला होता. शालन त्याच्यासमोर उभी राहिली.

"बापूकाका, माझ्या गान्यात तुमीच वाजवलंय?"

"व्हय की. का, बिघडलं काय?"

"माझ्या आज्यानं हलगी चुलीत घातली."

बापूनं हलगी फिरवून दुसरी बाजू जाळाकडे केली. "बराबर केलं त्येनं. त्येच्या गळ्यात लोकांनी बांधली हुती. काढून टाकनारच की." मग म्हणाला, "माझ्या बी बाच्या गळ्यात तशीच हुती. पर मला वाजवायचा हात मिळाला, पोरी. मैदानात मी थांबलो की पैलवान थांबतोय. मला पटका बांधत्यात. मी न्हाय चुलीत घालनार."

"मग खरं कुनाचं?"

"तुझ्या आज्याचं बी खरं, माझं बी खरं."

"मग मी काय करू?"

"ते मला इचारू नगंस. हितं हलगी करपाय लागलीय."

शालन हसली की रडली, मला आतून दिसलं नाही.  वरचा टायपिंगचा क्लास सुटला, जिन्यावरून पोरं गेली. मग ती आत आली आणि अविनाशसमोर उभी राहिली.

"अविदादा, खोटं का बोलला?"

अविनाश म्हणाला, "दुसरं काय करनार हुतो? तू न्हाय म्हनली असतीस."

"इचारलं असतं तर काय म्हनले असते ते माझं मला बी ठाव न्हवतं. तुमाला कसं ठाव?" ती थांबली. "आता ऐका. आमच्यातलं म्हनून हलगी असंल तर मी निघाले. बापूकाका चांगलं वाजवत्यात म्हनून असंल तर ऱ्हाऊ दे. माझ्या बाला मी सांगीन. तुमी कुनी सांगायचं न्हाय."

 अविनाशनं मान डोलावली.

ती काचेपलीकडे गेली, हेडफोन लावला. "दादा, कानात द्या हलगी. लोकास्नी जे ऐकाय मिळनार ते मला आधी मिळू दे."

मी सातवा फेडर वर घेतला. पहिल्या टेकला ती हलगीला बिचकली, शब्द मागं पडले. दुसऱ्या टेकला ती हलगीशी भांडली. दुसरा शब्द मला सुचत नाही. प्रत्येक ठेक्याच्या आधी आपला शब्द नेऊन ठेवायचा, तिला आधी वाजू द्यायचं नाही. काटा लाल रेघेला टेकून थरथरत राहिला, पलीकडं गेला नाही. गाणं संपलं तेव्हा बापू दारात उभा होता. आत यायची परवानगी नव्हती म्हणून तिथूनच म्हणाला, "हां. आता जमलं."

उरलेली गाणी त्या आठवड्यात झाली. ती कॅसेट मुंबईत चालली नाही. कंपनीला पहिल्यासारखं मऊ काहीतरी हवं होतं, आणि प्रसादच्या आवाजाला सरावलेल्या कॉलेजच्या मुलांनी तिला नावं ठेवली. पण कोल्हापूर, सांगली आणि खाली निपाणी-बेळगावपर्यंत ती रिक्षांतून आणि रसवंतीगृहांतून बरीच वर्षं वाजत होती. तिसरी निघाली नाही. पुढं कॉम्प्युटर आले, आठ ट्रॅकचं मशीन मालकांनी भंगारात काढलं. तो बँड आणखी थोडा टिकायला हवा होता, असं मला वाटतं. शालन हॉस्पिटलात मोठी सिस्टर झाली. जयंतीला अजून गाते.

पण फीत मुंबईला जाण्याआधीचं एक सांगायचं राहिलं. मी शेवटचं मिक्सिंग करत होतो तेव्हा शालनचे वडील पुन्हा आले. या वेळी कामाच्या दिवशी, रजा टाकून. पोरीनं सांगितलं होतं.

"लावा," म्हणाले.

मी मोठ्या स्पीकरवर लावलं. पहिल्या ठेक्याला त्यांचा जबडा आवळला. या वेळीही ते बसले नाहीत. खुर्चीच्या पाठीवर हात ठेवून सगळं गाणं उभ्यानं ऐकलं. संपल्यावर मी फीत थांबवली. ते खिशातलं पेन नीट करत राहिले.

"माझं न्हाईच म्हननं हाय," ते म्हणाले. "तिला बी सांगितलंय, तुमाला बी सांगतो. मेल्यावर माझ्या बाला काय सांगू मी?"

 ती मोठी झालेली मुलगी होती आणि ते बाप होते. हिशेब माझा नव्हता.

ते दारापर्यंत गेले. दाराच्या मुठीवर हात ठेवून थांबले.

"तिसऱ्या कडव्यात हलगी जरा खाली घ्या. पोरीचा शब्द झाकतीया."

ते गेल्यावर मी तिसरं कडवं पुन्हा ऐकलं. झाकत होती. मी सातवा फेडर दोन रेघा खाली घेतला.